दारातल्या सुया

पहिला सिनेमा पडला तेव्हा ती एकोणचाळीस वर्षांची होती. दहा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढून, स्वतः लिहून केलेला सिनेमा आठवडाभरात उतरला. पुढे कुणी दारात उभं करेना, म्हणून तिने एका फिल्म शाळेत पटकथा शिकवायला सुरुवात केली. वर्षभरापुरतं, असं ती सगळ्यांना सांगायची. त्या वर्षाची सात झाली. तोवर सकाळी शिकवायचं आणि दुपारी स्वयंपाकघरातल्या टेबलावर दुसरा सिनेमा लिहायचा, असा तिचा दिवस ठरून गेला होता.

दुसऱ्या सिनेमात एका शिंप्याची मुलगी घर सोडून जाते. चित्रीकरण तिच्या सासऱ्यांच्याच बंद पडलेल्या शिवणकामाच्या दुकानात होतं. आपल्या मशीनला कुणी धक्का लावू नये म्हणून सासरे रोज कोपऱ्यात स्टूल टाकून बसत. तिसऱ्या दिवशी शिंप्याचं काम करणाऱ्या नटाचा पाय मोडला. सगळे हात बांधून उभे राहिले. शेवटी कॅमेरामनच म्हणाला, "शिंपी तर इथेच बसलाय."

सासऱ्यांना कागद दिला. त्यांनी मुलीच्या निरोपाची वाक्यं पाढे म्हटल्यासारखी म्हणून दाखवली. सहा वेळा घेतलं, सहाही वेळा तेच. मागे कुणीतरी हसू दाबत होतं. सासऱ्यांचे कान लाल झाले.

ते पाहून ती पुढे झाली. तिने त्यांच्या हातातला कागद काढून घेतला.

"बाबा, वाक्यं राहू द्या. हा कोट घ्या आणि याची बाही उसवा. मुलगी येऊन सांगेल, मी जाते. वाटलं तर बोला, नाही तर नका बोलू."

त्यांनी चष्मा नाकावर सरकवला आणि कामाला लागले. मुलगी दारात आली, म्हणाली, "बाबा, मी जाते." त्यांचे हात थांबले. मग मान वर न करता म्हणाले, "दारात सुया पडल्यात. जपून जा."

'कट' म्हणायचं ती विसरून गेली.

तो प्रसंग तिने अकरा वेळा लिहिला होता. तिच्यातली दिग्दर्शिका त्या दिवशी हवेत होती आणि लेखिका मात्र तोंड फुगवून बसली होती. नवऱ्याने विचारलं तर म्हणाली, "तुझ्या वडलांनी माझी चार पानं खाल्ली."

सिनेमा बरा चालला. लोकांच्या लक्षात राहिलं ते तेच वाक्य. मग वर्गात ती आधी आपली चार पानं वाचून दाखवू लागली, नंतर तो प्रसंग. त्याच तासांमधून तिचं पटकथेवरचं पुस्तक झालं. आता तिला कुणी विचारलं तर ती 'मी शिकवते' हे आधी सांगायची.

पुस्तक आलं त्या वर्षी तिने सासऱ्यांना वर्गात नेलं. ते इस्त्रीचा सदरा घालून आले. एका विद्यार्थिनीने विचारलं, "आजोबा, ते वाक्य तुम्हाला सुचलं कसं?"

"सुया खरंच पडल्या होत्या," ते म्हणाले.

वर्ग हसला. तेही हसले. मग म्हणाले, "माझी लेक दूरदेशी गेली, तेव्हा तिला मी एवढंच विचारलं, छत्री घेतलीस का. बाकीचं तोंडातून निघालंच नाही. अजून मनात आहे."

नणंद गेली ते हिच्या लग्नाआधीचं. इतक्या वर्षांत घरात कुणी ही गोष्ट काढली नव्हती. पाठ फिरवून ती उगाचच फळा पुसत राहिली.

घरी जाताना सासरे तिच्या शेजारी हळूहळू चालत होते.

"सूनबाई, एक सांगू? रागावू नकोस."

"सांगा ना."

"शिकवतेस छान. पण बोलतेस फार हळू. मागच्या बाकावरच्या दोघी कानामागे हात धरून ऐकत होत्या."

दुसऱ्या दिवशी ती वर्गात शिरली आणि पहिलं वाक्य इतक्या मोठ्याने बोलली, की पुढच्या बाकावरचे दचकले.