कॅसेटमधली साडेचार मिनिटं

हे मी आजवर कुणाला म्हणजे कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, बहिणीला नाही, आणि जिला सगळ्यात आधी सांगायला हवं होतं त्या सईला, माझ्या मुलीला, तर मुळीच नाही. दोनदा लिहायला बसले आणि दोन्ही वेळा कपाट आवरायला उठले. आज कपाट आवरून झालंय, तेव्हा बसते. तुम्ही फक्त मधे बोलू नका. मधे कुणी बोललं की मी लगेच स्वतःची बाजू सावरायला लागते. जुनी खोड आहे.

शहाण्णव साल. आम्ही जपानात, टोकियोशेजारच्या उरायासुला राहत होतो, स्टेशनपासून बारा मिनिटांवर. नवरा टोकियोत नोकरीला, सई चार वर्षांची, दुपारी दोनपर्यंत योचिएनमध्ये, म्हणजे तिथल्या बालवाडीत. आणि मी? मी पुण्याची इंग्रजीची एम.ए., विद्यापीठात दुसरी आलेली, आणि दिवसभर काय करायची, तर जळणारा कचरा कोणत्या वारी आणि न जळणारा कोणत्या वारी हे पाठ करायची. हे मी तुमची सहानुभूती मिळावी म्हणून सांगत नाहीये. म्हणजे — थोडं त्यासाठीच सांगतेय. बघा, झालंच सुरू.

तर मोरिता-सान, म्हणजे आपल्या भाषेत मोरिताबाई. पन्नाशीच्या बाई, एका छोट्या प्रकाशनात संपादक. इंग्रजी शिकणाऱ्या जपानी लोकांसाठी ते एक मासिक काढायचे. मोरिता-सानचं एक वेड होतं. अमेरिकेत असे लेखक असतात ना, की ज्यांनी आयुष्यभर एकाच खोऱ्याबद्दल, एकाच गावाबद्दल लिहिलं आणि त्या गावाबाहेर ज्यांना फारसं कुणी ओळखत नाही, अशांच्या मुलाखती घ्यायच्या. कसं लिहिता, कधी लिहिता, घरचे काय म्हणतात. प्रकाशनाचे मालक, त्यांना सगळे साहेबच म्हणायचे, आठ वर्षं नाही म्हणत होते. शेवटी हो म्हणाले, तेव्हा या बाई खांद्याच्या पिशवीत टेपरेकॉर्डर टाकून तीन आठवडे एकट्या बसनं हिंडल्या आणि आठ मुलाखती घेऊन आल्या. मेंढ्या राखून झाल्यावर लिहिणारा एक म्हातारा होता. नेब्रास्कातले एक पोस्टमास्तर होते, ते फक्त रविवारी लिहायचे, तेही पोस्टातच बसून, कारण घरी बायको हसायची म्हणे. मला फार आवडला होता तो माणूस.

माझं काम या कॅसेटी ऐकून शब्दन् शब्द टाइप करायचं. नियम एकच होता. जे ऐकू येणार नाही तिथे काळा ठिपका ठेवायचा आणि शेजारी मिनिट आणि सेकंद लिहायचे. अंदाज करायचा नाही. त्या ठिपक्यांची यादी मोरिता-सान लेखकाला फॅक्स करून विचारणार, ही त्यांची पद्धत. पहिल्याच दिवशी साहेब माझ्यादेखत जपानीत म्हणाले, भारतीय बाईला अमेरिकन बोली कळेल का? मला जपानी येत नाही असं त्यांना वाटलं. मोरिता-सान म्हणाल्या, माझ्यापेक्षा तरी नक्की कळेल. मी खाली बघून चहा प्यायले आणि मनात ठरवलं, एकसुद्धा ठिपका ठेवायचा नाही. आपल्याकडे पेपरात प्रश्न सोडून आलेल्याला कुणी शाबासकी देतं का? काहीतरी लिहूनच यायचं असतं. तेच डोक्यात बसलेलं.

पहिल्या चार मुलाखतींत जमलंही. रिवाइंड करकरून कान दुखायचे, पण जमलं. पाचवी होती केंटकीच्या डोंगरातल्या एका आजींची. ऐंशीच्या पुढच्या. नाव सांगत नाही, त्यांना अजून किती त्रास द्यायचा? मुलाखत त्यांच्या स्वयंपाकघरात झालेली. वर पंखा घरघरतोय, बाहेर कुणीतरी लाकडं फोडतंय, आणि आजींची बोली अशी की शब्द एकमेकांत विरघळलेले. तरी मी रेटत होते. मग मोरिता-साननी विचारलं, तुमचं पहिलं पुस्तक आलं तेव्हा तुमची आई काय म्हणाली? आणि आजी अगदी खालच्या आवाजात बोलायला लागल्या. साडेचार मिनिटं. मधेमधे मोरिता-सानचं “यस, यस” आणि नाक ओढल्याचा आवाज. मला काय कळलं म्हणाल तर “आई”, “पुस्तक”, “पानं” आणि एकदा “पुन्हा”.

चार दिवस ऐकलं. पाचव्या दिवशी —

पाचव्या दिवशी मी ते रचलं. स्वच्छ, सुरेख इंग्रजीत. आईनं पुस्तक मिटलं आणि म्हणाली, घरातलं सगळं चव्हाट्यावर मांडलंस, आणि मरेपर्यंत पुन्हा त्याचा विषय काढला नाही. हे आलं कुठून? माझ्या घरातून आलं. कॉलेजच्या वार्षिक अंकात माझी एक कथा छापून आली होती, तेव्हा माझी आई मला हे म्हणाली होती. त्यानंतर मी काही लिहिलं नाही. ते वाक्य मी उचललं आणि एका परक्या बाईच्या आईच्या तोंडी घातलं. आणि काय सांगू, लिहिताना छान वाटत होतं मला. लाज त्याचीही वाटते.

मोरिता-साननी तो मजकूर वाचला आणि चष्मा काढून बाजूला ठेवला. म्हणाल्या, खरं सांगू, तिथे मला त्यांचं काही कळलं नव्हतं, त्यांचा हात धरून मी नुसती मान हलवत होते, तुम्ही होतात म्हणून हे मिळालं. तेव्हा बोलता आलं असतं. किती सोपं होतं! मी म्हणाले, अहो, त्यात काय एवढं.

छापून आलं. तेच वाक्य मोठ्या टाइपात, पहिल्या पानावर. अंक केंटकीला गेला आणि दोन महिन्यांनी आजींचं पत्र आलं. मोरिता-साननी ते मला फॅक्स केलं. रागावलेलं पत्र असतं तर बरं झालं असतं. आजींनी लिहिलं होतं की माझ्या आईला वाचता येत नव्हतं. तिनं पुस्तक मिटलं नाही, मी तिला ते सगळं वाचून दाखवलं. वाचून झाल्यावर ती मला जे म्हणाली ते मी आयुष्यात एकदाच सांगितलंय, तुमच्या त्या यंत्रात. आता पुन्हा सांगायचं किंवा लिहायचं बळ नाही. तेवढी टेप मला पाठवा, माझ्या मुलानं ते माझ्या आवाजात ऐकावं असं मला वाटतं.

प्रुफांशी ताडून बघायची म्हणून टेप माझ्याकडेच राहिली होती. मोरिता-सान फोनवर म्हणाल्या, शनिवारी घेऊन या, आपण दोघी ऐकू.

सई योचिएनमध्ये होती. कुकर लावला, हेडफोन चढवले, पत्र समोर ठेवलं आणि ऐकलं. आणि अहो — सगळं कळलं! काय सांगतायत हे ठाऊक झाल्यावर प्रत्येक शब्द सुटा, स्वच्छ ऐकू आला. आजी सांगत होत्या की वाचताना आईच्या रागीटपणाची, मारझोडीची दोन पानं आली, ती मी गुपचूप एकदम उलटली. आईला अक्षरओळख नव्हती, पण तिनं बरोबर पकडलं. म्हणाली, दोन पानं एकदम उलटलीस, मागे जा, ती वाच. मी वाचली. ती ऐकून घेत होती. मग म्हणाली, “हं. अशीच होते मी. पुन्हा वाच.”

मी हेडफोन काढले. हे आता आणखी दोघींना ऐकता येणार होतं, आजींना आणि मोरिता-सानना. पत्रावरून फार तर माझ्या ऐकण्यात चूक झाली असं वाटलं असतं; टेपवरून मात्र मी लिहिलेलं तिथे कुणी बोललंच नव्हतं, हे दोघींनाही कळणार होतं. रडू आलं का? आलं. पण रडत रडत मी उठले, कॅसेट साडेचार मिनिटं मागे घेऊन आमच्या टू-इन-वनमध्ये घातली आणि रेकॉर्डचं लाल बटण दाबलं. दबेना. कॅसेटच्या वरच्या कडेला प्लास्टिकची छोटी पट्टी असायची, आठवतं? ती मोडली की त्या कॅसेटवर पुन्हा काही रेकॉर्ड होत नाही. मोरिता-साननी आठही कॅसेटींच्या पट्ट्या मोडून ठेवल्या होत्या. मी सईच्या चित्रकलेच्या डब्यातून सेलोटेप आणली, भोकावर चिकटवली आणि साडेचार मिनिटं घड्याळाकडे बघत उभी राहिले. मधे कुकरच्या दोन शिट्ट्या झाल्या. त्यासुद्धा टेपवर गेल्या असणार. मग सेलोटेप काढून टाकली.

शनिवारी सईला सुट्टी, म्हणून ती बरोबर होती. कार्यालयातल्या एका टेबलाशी रंगवत बसली होती. मी मोरिता-सानना माझ्या मोडक्यातोडक्या जपानीत सांगितलं, काल टेप लावून ठेवली होती, मुलीनं खेळता खेळता बटण दाबलं, तेवढाच भाग पुसला गेला. सईला माझ्यापेक्षा चांगलं जपानी यायचं. तिनं मान वर केली.

“मी नाही,” ती जपानीत म्हणाली.

मी हसले. म्हणाले, लहान आहे, विसरली. सई माझ्याकडे बघत राहिली, मग परत रंगवायला लागली.

मोरिता-साननी कॅसेट हातात घेतली. अंगठा वरच्या कडेवरून फिरवला, त्या मोडलेल्या पट्टीच्या जागेवरून. तिथे थांबला तो अंगठा. आणि तेव्हा, तेव्हा कुठे, माझ्या डोक्यात प्रकाश पडला की पट्टी मोडलेल्या कॅसेटवर चार वर्षांच्या पोरीला काही पुसता येत नाही. आणि सेलोटेपचा चिकटपणा राहतो. ड्रॉवरमधून एक बिस्किटाचं पाकीट काढून मोरिता-साननी सईला दिलं आणि म्हणाल्या, तुझं काही चुकलं नाही हं.

पुढचं सांगायला लागेल तेवढंच सांगते. तिकडे चूक कुणाचीही असो, माफी ज्याच्या नावावर काम आहे त्यानं मागायची. पुढच्या अंकात चौकट आली. मुलाखत घेणाऱ्या संपादिकेचं इंग्रजी अपुरं पडल्यामुळे चुकीचा मजकूर छापला गेला, लेखिकेची मनःपूर्वक क्षमा मागतो. खाली मोरिता-सानचं नाव. मालिका तिथेच बंद झाली, उरलेल्या तीन मुलाखती कधीच छापल्या गेल्या नाहीत, आणि मोरिता-सानना वर्गणीदारांचे पत्ते बघायला बसवलं. आठ वर्षं वाट बघून मिळवलेलं काम माझ्या एका परिच्छेदानं गेलं. आणि मला? मला साहेबांनी आणखी काम दिलं. काटेकोर आहात, म्हणाले. मी ते घेतलं आणि दोन वर्षं केलं.

सई मोठी झाल्यापासून चारचौघांत गंमत म्हणून सांगते, मी लहानपणी एका अमेरिकन आजींची टेप पुसून टाकली होती. तिला आता तसं आठवतंसुद्धा, बटण दाबल्याचं. मी बसलेली असते तिथेच. मी पण हसते.

अजून एक राहिलं. दुसऱ्या वर्षी हिवाळ्यात मोरिता-सानचा फोन आला. केंटकीच्या आजी गेल्या होत्या. त्यांच्या मुलाचं पत्र आलं होतं. त्यानं लिहिलं होतं, टेप नाही हे मला ठाऊक आहे, पण आई त्यात काय म्हणाली हे तुमच्यापैकी कुणाला थोडंफार आठवत असलं तर दोन ओळी कळवा. आई शेवटपर्यंत त्या टेपचं विचारत होती, म्हणे. मोरिता-सान सावकाश, सोप्या जपानीत बोलत होत्या, मला नीट कळावं म्हणून.

“तुम्ही ती टेप खूप वेळा ऐकलीत,” त्या म्हणाल्या. “कदाचित नंतरही ऐकली असेल. जे आठवतं ते मला सांगा. मी माझ्या नावानं कळवीन. बाकी काही विचारणार नाही.”

किती दार उघडं ठेवलं होतं त्यांनी! नाव त्यांचं, सही त्यांची, मला काही म्हणजे काही द्यावं लागणार नव्हतं. फक्त तीन वाक्यं सांगायची होती. पण ती सांगितली असती तर मी ती ऐकली होती हे मान्य करावं लागलं असतं.

“मोरिता-सान,” मी म्हणाले, “मला खरंच त्यातलं काही आठवत नाही.”

त्या बरं म्हणाल्या, सईला थंडीत जपा म्हणाल्या आणि फोन ठेवला.

मला शब्दन् शब्द आठवत होता.