अण्णांची अक्षरं आणि कुंकू लावलेली सीडी

आमचं सोलापुरात रेडियमचं दुकान. गाड्यांवर, पाट्यांवर चिकटवायची अक्षरं कटरवर कापून द्यायची. माझे वडील, अण्णा, जुने पेंटर. लकवा मारून त्यांचा उजवा हात गेला. त्याआधी मी त्यांच्या हातची सगळी अक्षरं स्कॅन करून कटिंगच्या सॉफ्टवेअरमध्ये घालून ठेवली होती. ते सॉफ्टवेअर म्हणजे लई हट्टी म्हातारं. ड्राइव्हमध्ये मूळ सीडी दिसल्याशिवाय उघडायचंच नाही. कॉपी चालत नाही आणि बनवणारी कंपनी कधीच बंद पडलेली.

दसरा झाल्यावर दुकान उघडलं, तर स्क्रीनवर एकच धोशा, मूळ डिस्क घाला. अरे, घातलीय की बाबा. कॉम्प्युटर बंद-चालू केला, केबल काढून लावली, शेजारून दुसरा ड्राइव्ह आणून जोडला. शेवटी सीडी उलटी करून पाहिली आणि डोकंच फिरलं. चकचकीत बाजूवर हळदीकुंकवाचं बोट, वाळून कडक झालेलं.

"अण्णा, हे काय केलंत?"

"खंडेनवमीची पूजा केली की. दुकानाचं हत्यारच हाय ते."

"मग वरच्या बाजूला लावायचं."

"वर अक्षरं हायती. अक्षरावर बोट ठिवू व्हय मी?"

घ्या! जन्मभर ओल्या पाटीच्या जवळ कुणाला फिरकू न दिलेला माणूस. राग तर आलाच होता, पण त्याहून जास्त भीती वाटत होती. सीडी गेली तर अक्षरं गेली, आणि ती पुन्हा लिहून देणारं कुणी नव्हतं.

मऊ फडकं साबणाच्या पाण्यात बुडवून पिळलं आणि मधून कडेपर्यंत सरळ पुसत गेलो. गोल फिरवलं की चरे पडतात. सीडी आत सरकवली. ड्राइव्ह घरघरला, थांबला, पुन्हा घरघरला आणि सॉफ्टवेअर उघडलं. आधी सगळी अक्षरं कुठल्याही कॉम्प्युटरवर उघडतील अशा फायलींमध्ये काढून घेतली. मग बाकड्यावर ताटकळलेल्या वळसंगच्या गिऱ्हाइकाचं, ट्रॉलीवर लावायचं नाव कापायला घेतलं.

अण्णा खुर्ची ओढून कटरजवळ बसले. सुरी त्यांच्याच वळणानं चालली होती. बराच वेळ बघून ते म्हणाले, "माझाच हात हाय की. आता ह्यो उजवा न्हाय हलला तरी चालतंय."

मला ते अजिबात चालणार नव्हतं. त्यांचा तो गार हात मी हातात घेतला आणि कटर थांबल्यावरही सोडला नाही.