तोत्तोरीच्या वाळूत मेथी

आम्ही दोघांनी मिळून शेवटचं काय केलं, तर मेथीला पाणी घातलं. सकाळची वेळ. ही झारी घेऊन पुढं, मी बादली घेऊन मागं.

"अहो, थांबा! पाय ठेवू नका!" ही एवढ्यानं ओरडली की मी एका पायावरच उभा राहिलो. वाळूतून हिरवे ठिपके वर आले होते. तिसऱ्याच दिवशी!

"बघितलंत? आता बोलवा तुमच्या शास्त्रज्ञाला."

शास्त्रज्ञ म्हणजे आमचा मुलगा. मोठ्या भूकंपानंतर त्यानं तोक्यो सोडलं, इथं जपानच्या दुसऱ्या टोकाला, तोत्तोरीत, वाळवंटाच्या संशोधनाला लागला. आम्हालाही आणलं. घरामागं समुद्रापर्यंत नुसती वाळू. उन्हाळ्यात तळवे भाजतात, वारा सुटला की दातांत कचकच. तरी इथले शेतकरी तिच्यात रक्क्यो नावाचा बारका कांदा लावतात. मग मेथी का नाही? मी चौथीपर्यंतच शिकलो, पण मुंबईच्या किनाऱ्यावर आम्ही नवरा-बायकोनं जन्मभर वाळूतच मेथी काढली, बोटाएवढ्या जुड्या विकल्या.

मुलगा म्हणाला होता, "बाबा, ही वाळू एका जागी बसत नाही. इम्पॉसिबल आहे."

हिनं सुनावलं, "पंधरा दिवसांनी जुडी हातात देते, मग इंग्रजी बोल."

कांदेवाली शेजारीण हातवारे करून सांगत होती, वाऱ्याला आडोसा करा. आम्ही हसलो. मुंबईत समुद्राच्या वाऱ्याला कुणी आडोसा केला होता? वाफे उघडेच ठेवले.

त्याच दुपारी चहा ठेवता ठेवता ही खाली बसली, ती उठलीच नाही. डॉक्टर म्हणाले, हृदय. इथल्या रीतीप्रमाणे तिला अंत्यविधीच्या हॉलमध्ये नेऊन ठेवलं. मी रडलो नाही. संध्याकाळी वारा सुटला.

दुसऱ्या सकाळी मागं गेलो तर वाफे गायब. सगळं सपाट. गुडघ्यांवर बसून हातानं वाळू सारली, फुंकर मारली. हिरवं! वाकलेलं, पण जिवंत.

"आहे! अरे, आहे!" मी असा ओरडलो की मुलगा अंत्यविधीच्या काळ्या कोटातच धावत आला. त्याला वाटलं, म्हाताऱ्याचं डोकं फिरलं.

"बाबा, गाडी आलीय. आईकडे जायचंय."

"थांबू दे गाडीला. ऊन चढायच्या आत मोकळं केलं नाही तर सगळं जाईल. तिचं आहे ते."

त्यानं कोट काढला, बूट काढले. मी दाखवलं, बोटं आडवी ठेव, खुपसू नको, कोंब मोडतो. तीन वाफे मोकळे केले, पाणी शिंपडलं. मग आंघोळ केली आणि गाडीत बसलो.