विजयमालामामीची लारी

शिर्क्यांचे पूर्वज संस्थानच्या फौजेत होते, हे आमचे संपतमामा आलेल्या पाहुण्यांना चहाआधी सांगत. तिथे ते घोड्यांना खरारा करत, हे विजयमालामामी चहानंतर सांगे.

१९९८ साली मामांनी बडोद्याच्या वासणा भागातल्या घरातली वरची खोली एका जपानी इंजिनिअरला भाड्याने दिली. ओकाडा त्याचं नाव. हालोल रोडवरच्या एका कारखान्यात यंत्रं बसवायला आला होता. कँटीनची गोड डाळ खाऊन महिन्याभरात त्याची पँट फक्त पट्ट्याच्या भरवशावर राहिली होती. मामीला दया आली. तिने बोई मासा आणला, तिखट, चिंच, आलं-लसूण चोपडून, रव्यात घोळवून कुरकुरीत तळला आणि ताट वर नेलं. ओकाडाने ताटाकडे बराच वेळ पाहिलं आणि कामगारांकडून शिकलेल्या गुजरातीत नम्रपणे विचारलं, "बेन, आमां माछली क्यां छे?"

यात मासा कुठे आहे! मामी लालबुंद होऊन खाली आली. लग्नाला पंचवीस वर्षं झाली, तिच्या माशाला कुणी नाव ठेवलं नव्हतं. मामांची तेवढी छातीच नव्हती.

पुढच्या रविवारी ओकाडाने गच्चीवर कोळशाची शेगडी पेटवली आणि नुसतं मीठ लावून मासा भाजला. मामीने एक घास खाल्ला आणि आजाऱ्याला द्यायला बरा आहे असं सांगितलं. ओकाडाला ती स्तुती वाटली, तो कमरेत वाकला.

तिथून दर रविवारी गच्चीवर लढाई सुरू झाली. त्याने सोया सॉसमध्ये साखर घातली की मामी ती बाजूला सारून गूळ घालायची. त्याची पाठ वळली की माशाच्या पोटात हिरवा लसूण आणि मिरची जायची. त्याची जपानहून आणलेली बाटली संपली तेव्हा मामीने चायनीजच्या लारीवाल्याकडून, म्हणजे हातगाडीवाल्याकडून, सॉस आणला, त्यात गूळ आणि कोकमाचं पाणी आटवलं आणि कांद्याच्या पातीच्या जुडीने माशावर फासलं. पहिला घास घेऊन ओकाडाने डोळे मिटले. काटा अडकला असं समजून मामीने त्याच्या पाठीत गुद्दा घातला. खरं तर त्याला तो घास फार आवडला होता.

एवढे दिवस शिर्क्यांचा मासा खिडक्या लावून शिजत होता, म्हणून शाकाहारी सोसायटीनेही डोळेझाक केली होती. आता धूर घरोघरी जाऊ लागला. सेक्रेटरी कनुभाई तक्रार घेऊन आले. मामांनी तीनदा माफी मागितली आणि मामीला शेगडी विझवायला सांगितलं.

मामीने ती उत्तरायणला, म्हणजे संक्रांतीला, पुन्हा पेटवली. सगळी सोसायटी पतंगासाठी गच्च्यांवर होती. तिने पापडीच्या शेंगा, रताळी, कंदाचे काप, छोटी वांगी जाळीवर मांडली आणि त्यांना तोच काळा गोड-आंबट रस लावला. वास सुटला. कनुभाई शेजारच्या गच्चीच्या कठड्याशी येऊन उभे राहिले.

"जाळी कोरी आहे, कनुभाई," मामी म्हणाली. "माशाने अजून तिचं तोंड पाहिलेलं नाही."

कंदाचा तिसरा काप खाताना कनुभाईंचा पतंग कापला गेला. त्यांचं तिकडे लक्षच नव्हतं. तक्रारीचा नीट तपास व्हायला हवा, असं त्यांनी जाहीर केलं. हा तपास दोन हिवाळे, दर रविवारी, प्लेट हातात घेऊन चालला.

२००० साली ओकाडा परत गेला. रविवार मोकळा पडला आणि मामीला तो सहन होईना. तिने शहरातल्याच अकोटा भागात रस्त्याच्या कडेला लारी लावायचं ठरवलं. एका शेगडीवर मासे, दुसरीवर भाज्या, मध्ये लाकडी फळी. शिर्क्यांची सून लारीवर उभी राहणार म्हणून मामांनी चार दिवस अबोला धरला. संसारातले ते सर्वांत शांत चार दिवस, असं मामी सगळ्यांना सांगत सुटली. पाचव्या दिवशी मामा लारीची चाकं तपासायला म्हणून आले आणि कोळशाला वारा घालत बसले. नातेवाइकांपैकी कुणी दिसलं की सुरुवातीला ते खाली वाकून चप्पल शोधत. पुढे पुढे हाक मारून बोलावू लागले.

चार वर्षांनी ओकाडा बायकोला घेऊन थेट लारीवर आला. बाईंनी मासा चाखला आणि नवऱ्याच्या कानात काही सांगितलं. तो घुटमळला. मामीने हट्टच धरला, तेव्हा त्याने सांगून टाकलं की हे अजिबात जपानी नाही असं ती म्हणते.

मामीचा चेहरा क्षणभर उतरला. मग ती म्हणाली, "नसू दे. बडोद्याचं आहे, खा म्हणावं."

बाईंनी दोन मासे संपवले. मग गर्दीतून वाट काढत त्या शेगडीमागे आल्या आणि मामीच्या हातातली पातीची जुडी मागून घेतली. मामीने ती आजवर मामांनाही दिली नव्हती. तिने जुडी दिली, बाजूला स्टुलावर बसली आणि बाईंनी पहिला हात फिरवताच म्हणाली की रस फार कमी लावताय.