माझ्या झोपेने केलेली फितुरी

दोन हजार पंधराच्या सुमारास मी कार्ल्सरूहे येथे मुलीकडे राहत असता, दुपारच्या वामकुक्षीत उठून चालण्याची माझी जुनी व्याधी बळावली. मी झोपेतच दार उघडून जिन्याच्या पायरीवर बसे आणि खालच्या मजल्यावरील जर्मन आजींना त्यांची तक्रार काय, असे विचारत असे. आजींनी कधी हरकत घेतली नाही. हरकत घेतली जावयांनी. तेथील विद्यापीठात संशोधन करणाऱ्या त्या गृहस्थांनी चार पाहुण्यांसमक्ष सांगितले, की झोपलेला माणूस किल्ली फिरवू शकत नाही, सबब बाबांचे हे सोंग आहे. पाहुणे हसले.

सातवीपर्यंतच शिकूनही सव्वीस वर्षे मी तहसील कचेरीच्या आवारात लोकांचे अर्ज लिहिले. माझा शब्द मामलेदारांनीही कधी खोटा म्हटला नव्हता. सूड घेणे मला भाग होते.

संधी रविवारी आली. व्हिसाच्या मुदतवाढीसाठी सोमवारी द्यावयाची जावयांची कागदपत्रे जेवणाच्या टेबलावर विस्कटलेली होती. ती उचलून अंगणातील कचऱ्याच्या पिंपात टाकायची आणि जाब विचारताच झोपेत होतो असे सांगायचे, असा मी बेत केला. त्यांना सोंगच हवे होते ना. वामकुक्षीच्या मिषाने आडवा झालो, सर्वजण आपापल्या खोल्यांत जाण्याची वाट पाहू लागलो आणि तेवढ्यात माझा डोळा लागला.

जागा झालो तो टेबलाशी. कागद तारखेच्या क्रमाने लावलेले, प्रत्येकावर माझ्या अक्षरात सहपत्र क्रमांक, डाव्या कोपऱ्यात पांढऱ्या दोऱ्याची शिवण. जर्मन मला वाचता येत नाही, परंतु सहीची रिकामी जागा कोणत्याही भाषेत ओळखू येते; तेथे मी फुली केली होती. मुलीने सांगितले, की सुईत दोरा मीच ओवला आणि तिच्या हाकांना ओ दिली नाही.

जाणिवेविषयी मी त्या दिवशी एवढे शिकलो, की वैर धरण्यास जागे राहावे लागते. हातांना ते ठाऊक नसते. समोर आलेल्या कोणाचाही अर्ज ते नीट करून देतात. या ज्ञानाचा मला आनंद झाला नाही.

जावयांनी राहिलेली सही केली.

"आल्झो, बाबा, आता मात्र पटलं," ते 'तर मग'चे जर्मन पालुपद लावून म्हणाले. "जागेपणी तुम्ही माझं एवढं काम केलंच नसतं."

बेत उघड करावा, तर सोंगाचा आरोप शाबीत होणार. न करावा, तर त्यांचे आभार स्वीकारावे लागणार. मी आभार स्वीकारले. माफी मात्र त्यांनी मागितली नाही. आभार आणि माफी हे दोन वेगळे अर्ज आहेत, आणि दुसरा अद्याप माझ्याकडे दाखल झालेला नाही.