कंडक्टरभाऊंचा जादा

लेकरू कसं वाढवावं हे नीट कळलेला माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि त्याला मूलबाळ नाही. एक कुत्रा आहे. तोही कुणी न नेलेला. दोन मुलं वाढवलेल्या, तीन नातवंडांच्या आजीला हे वाक्य लिहायला जड जातं, पण सत्तरी उलटल्यावर खरं बोलायला हरकत नसते. आपल्याला ओरडणारे बहुतेक गेलेले असतात, आणि उरलेल्यांना ऐकू येत नाही.

हा माणूस म्हणजे आमच्या कुंपणाच्या दगडी गडग्यापलीकडचे कंडक्टरभाऊ. रत्नागिरीहून सुटणाऱ्या लाल गाड्यांवर तीसेक वर्षं काढून निवृत्त झाले, पण गाडीतून उतरले असं काही म्हणवत नाही. खाकी सदरा अजून घालतात. घरात शिरताना चौकटीला धरून आधी मागे वळून बघतात, कुणी राहिलं का म्हणून. बायको गेल्यापासून मागे राहायला कुणी नाही, तरी बघतात. तिकिटाला भोक पाडायचा चिमटा साहेबांना विचारून त्यांनी निवृत्तीच्या दिवशी घरी आणला. तो कायम उजव्या हातात. विचारात पडले की टिकटिक, भाजी निवडताना टिकटिक, मी गडग्यावरून जास्त बोलले तरी टिकटिक. तेव्हा मी ओळखते, की माझा थांबा आला.

गेल्या वर्षी पावसाळा सरता सरता मिरजोळ्याला एका कारखान्यामागे कुत्री व्याली. पाच पिल्लं. चार लोकांनी नेली. पाचवं भाऊ सदऱ्यात गुंडाळून घेऊन आले. रंग पिवळा, एक कान उभा, एक पडलेला, पोट नगाऱ्यासारखं, पाय मात्र काड्या. मी विचारलं, "नाव काय ठेवणार?"

"जादा."

"हे काय नाव झालं?"

"वहिनी, गणपतीत नेहमीच्या गाड्या भरून गेल्या की मागनं एक जादा सोडतात. कुठं जागा मिळाली नाय त्यांना तिच्यात मिळते."

त्या दिवसापासून भाऊंच्या घरात जे सुरू झालं ते मी गडग्याला हनुवटी टेकवून बघत आले. आधी हसायला म्हणून बघत होते. हसू कधी थांबलं ते कळलं नाही.

पिल्लाला घरात घाण न करायला शिकवायचं, तर आपण काय करतो? नाक धरून दाखवतो, फटका देतो. भाऊ दर दोन तासांनी दार उघडत आणि अंगणभर ऐकू जाईल अशा आवाजात सांगत, "गाडी दहा मिनटं थांबेल! ज्यांना उतरायचं त्यांनी उतरून घ्या!" जादा उतरायचा. इकडेतिकडे हुंगायचा, माझ्या अबोलीपाशी येऊन काम उरकायचा. "चला, बसून घ्या!" आणि टिकटिक. पंधरा दिवसांत ते पिल्लू दारापाशी जाऊन गाडी थांबायची वाट बघायला लागलं. मी थक्क झाले. कारण हेच शिकवायला मी माझ्या थोरल्याला आठ महिन्यांचा असताना तासतास धरून बसवलं होतं. शिकला शेवटी कधीतरी, पण माझ्यामुळे नव्हे.

त्या वयातली मी म्हणजे एक बघण्यासारखी बाई होते. लग्नात कुणीतरी बालसंगोपनाचं पुस्तक दिलं होतं, त्यात दर चार तासांनी दूध द्यावं असं छापलेलं. मी गजराचं घड्याळ पुढ्यात घेऊन बसायची. पोर भुकेनं रडतंय, मी घड्याळाकडे बघून रडतेय, आणि सासूबाई दारात उभ्या राहून म्हणतायत, "अगो, त्याला काटा बघता येत नाही, तुला पोर बघता येत नाही?" मी त्यांना पुस्तकातलं पान काढून दाखवलं. वाचता येत नव्हतं त्यांना, आणि मला येतं याचा तेव्हा केवढा अभिमान!

भाऊंनी कसलंही पुस्तक वाचलं नाही. त्यांचं शिक्षण सगळं गाडीतलं. सकाळी फिरायला निघाले की विहिरीपाशी "मालगुंड!" म्हणणार, पिंपळाच्या पारावर आणखी एखादं गाव, आणि माझं फाटक म्हणजे "हेदवी!" शेवटचा थांबा. तिथे जादाला भाकरीचा तुकडा मिळायचा, माझ्याच टोपलीतला. एकदा त्यानं माझी नवी कोरी चप्पल कुरतडून तिचा पंखा केला. मी ती घेऊन भाऊंसमोर उभी राहिले. त्यांनी चपलेकडे बघितलं, जादाकडे बघितलं, आणि माझ्यापुढे हात जोडले. "चूक माझी. सामान वर ठेवायला पायजे होतं." कुत्र्याला एक शब्द नाही. दुसऱ्या दिवसापासून माझ्या ओटीवर, माझ्या डोळ्यांच्या उंचीवर, त्यांनी चपलांना फळी ठोकून दिली.

"लाडावून ठेवताय," मी म्हणाले.

"धावत आलेल्या पॅसिंजरला कधी ओरडायचं नाय, वहिनी. उशीर का केला हे मागनं. आधी आत घ्यायचं. नायतर पुढच्या खेपेला तो हातच दाखवत नाय."

मी मान उडवली. मला माहीत होतं की हे कुत्र्याबद्दल आहे. आणि नव्हतंही. माझा थोरला दोन वर्षं गणपतीला आला नव्हता. कोकणातल्या घरात पोरगा गणपतीला येत नाही म्हणजे काय, ते मी समजावून सांगत नाही. पुण्यातली कायमची नोकरी सोडून त्यानं मित्राबरोबर खानावळ काढली, ती चालली नाही. मला ते शेजारच्या वाडीतून कळलं. मी फोनवर एवढंच म्हणाले होते, "इकडे ये तू, मग बघते तुझ्याकडे." पंचेचाळिशीच्या माणसाला. भाऊंना हे गडग्यावरून सांगितलं तेव्हा ते बराच वेळ टिकटिक करत राहिले.

मग यंदाचा शिमगा आला. पालखी वाडीत यायची होती आणि भाऊ खांदा द्यायला जाणार होते. ढोलाच्या आवाजाला जादा बिचकेल म्हणून त्यांनी त्याला माझ्या पडवीत आणून सोडलं. "कडी लावा, वहिनी," एवढं सांगून गेले. पालखी अंगणात आली, मी ओटीचं ताट घेऊन धावले, आणि कडी राहिली. पहिली थाप पडली तसा जादा माझ्या पायांतून निसटला, गडगा ओलांडला आणि वर सड्याच्या उघड्या माळाकडे दिसेनासा झाला.

मी तशीच त्याच्या मागे. हातात ताट, पदर कुठे, मी कुठे. वर सड्यावर सगळा कातळ, आणि लांब करवंदीच्या जाळीपाशी ते पिवळं टिंब. मी माझ्या ठेवणीतल्या आवाजात ओरडले, "इकडे ये! इकडे ये म्हणते ना!" टिंबानं वळून बघितलं, आणि जाळीतून पलीकडे गेलं. आणखी ओरडले, दिसायचंच बंद झालं. तिकडे गाड्यांचा रस्ता. नारळ घरंगळत गेला आणि मी त्या कातळावर ताट घेऊन उभी राहिले.

अर्ध्या तासानं भाऊ वर आले. पालखी सोडून आले होते. गुलालानं नाक लाल. मला वाटलं आता बोलतील. ते एवढंच म्हणाले, "तुम्ही बसा. पाय दुखले असतील." आणि स्वतः माझ्या शेजारी कातळावर मांडी घालून बसले. हाक नाही, शीळ नाही. टिकटिक. थोडं थांबून, टिकटिक. जणू गाडी भरलेली आहे, घाई कुणाला नाही.

त्या बसण्यात मला, नको होतं ते, आठवलं. थोरला पाच वर्षांचा असताना त्यानं माझा चष्मा विहिरीत टाकला होता. मी पाठीमागे निरगुडीची फोक लपवली आणि साखरेसारख्या आवाजात म्हटलं, "ये हं राजा, इकडे ये." तो हसत धावत आला. आणि मी ती फोक वापरली. संध्याकाळी यजमानांना फुशारकीनं सांगितलंसुद्धा, कशी युक्ती केली ते. पुढच्या खेपेला हाक मारली तेव्हा तो कोंबड्यांच्या खुराड्यात जाऊन बसला होता. अंगाला पिसं चिकटलेली. मला वाटलं, पोरगं हट्टी आहे.

ऊन उतरलं. समुद्र तांबडा झाला. आणि जाळीतून आधी उभा कान आला, मग पडलेला. अंगभर कुसळं, तोंडात कुजलेल्या माशाचं डोकं. पोट जमिनीला घासत, एक पाय पुढे, एक मागे, तो आला. माझी दोन तासांची भीती एकदम हातात उतरली. "मेल्या, कुठे तडमडला होतास!" म्हणत मी हात उगारला, आणि भाऊंनी तो वरच्या वर धरला. तीस वर्षं गाडीच्या दांडीला धरलेला पंजा तो, हलेना.

"वहिनी, रागवायचं तर त्या गेलेल्याला रागवा. हा आलाय."

मग जादाकडे वळून, रोजच्याच आवाजात, "आलात? बसून घ्या."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी थोरल्याला फोन केला. चहा तीनदा गार झाला त्याआधी. म्हटलं, "ये." आणि जीभ दातांखाली धरली. पलीकडून घाबऱ्या आवाजात तो म्हणाला, "आई, तुझी तब्येत बरी आहे ना?"

मे महिन्यात आला. फाटकापाशी पिशवी घेऊन उभा, केस निम्मे पांढरे, आणि तिथूनच सुरुवात, "आई, ते खानावळीचं काय झालं ना..." माझ्या तोंडात निदान चाळीस वाक्यं तयार होती. मी पदराचा बोळा तोंडाशी धरला आणि बोटानं ओटी दाखवली. जेवला. मग आतल्या खोलीत झोपला, लहानपणी झोपायचा तसा, पाय पोटाशी घेऊन.

दुपारी भाऊ गडग्याशी आले. मी हात पुढे केला, त्यांनी त्यावर चिमटा ठेवला. फोक घेऊन ज्याला बोलावलं, तो पाच वर्षांचा पोर आता कुठल्या सड्यावर असेल कोण जाणे. तरी मी हळूच दोनदा वाजवला. जादा गडग्यावरून उडी मारून धावत आला आणि माझ्या पायांवर बसला.

आणि मागून दारात, डोळे चोळत, थोरला. "काय वाजलं गं, आई?"

"आलास?" मी म्हटलं. "बस."