नीलाआत्याचे केस

चार पदरी घातलेल्या चादरीवर माझ्या आत्याचं डोकं आडवं ठेवलेलं होतं, गाल लोकरीसारख्या जाड सुतात रुतलेला, डोळे घट्ट मिटलेले, आणि टेबलाच्या दुसऱ्या कडेपर्यंत तिचे ते दाट, कुरळे, दोन मुठींतही न मावणारे केस पसरलेले. त्यांच्या वर, हातभर अंतरावर, कोळशाची इस्त्री... तिच्या बाजूच्या भोकांतून निखाऱ्यांचे लाल डोळे दिसत होते, झळ माझ्या कपाळापर्यंत येत होती, आणि खोलीभर एक वास भरला होता — तापलेल्या लोखंडाचा, राखेचा आणि त्याखाली अगदी पुसटसा, केस होरपळण्याच्या अलीकडचा. तो वास मला आजही ओळखता येतो. तेव्हा मी नऊ वर्षांची होते.

नीलाआत्या ही अप्पांची सर्वांत धाकटी बहीण. आई-वडील लवकर गेले, म्हणून ती आमच्याकडेच वाढली. वयानं माझ्या अव्वापेक्षा, म्हणजे आईपेक्षा, दहाएक वर्षांनी लहान. सोलापूरच्या बाळीवेशीतल्या आमच्या दोन खोल्यांत आम्ही चौघं राहत असू. अव्वाचे आणि माझे केस सरळ, विरळ, उंदराच्या शेपटीएवढी वेणी होणारे. आत्याचे मात्र कुठून आले होते कोण जाणे! न्हाऊन ती मागच्या पायरीवर उन्हात बसली, की ते वाळता वाळता हळूहळू वर उठत, फुलत, मानेभोवती, खांद्याभोवती स्वतःच्या मनानं वळणं घेत पसरत जात. शिकेकाई आणि नागरमोथ्याचा सुगंध त्यांतून दरवळे आणि मी मागून जाऊन त्यात तोंड खुपसून उभी राहत असे. आत काळोख, ऊब आणि तो गंध... जगात याहून सुरक्षित जागा मला ठाऊक नव्हती.

पण त्या केसांचं कौतुक माझ्याखेरीज कुणालाच नव्हतं. दर रविवारी अव्वा लाकडी फणी घेऊन बसे आणि युद्ध सुरू होई. गुंता ओढला जाई, आत्याची मान मागे हिसकली जाई, फणीचे दात तुटत, डोळ्यांतून पाणी वाहत असे. ‘‘केस हायती का बाभळीचं झुडूप?’’ असं अव्वा पुटपुटे, पण हात हलका करी. अप्पांचा हात मात्र हलका नव्हता. विजापूरकडच्या पाहुण्यांचा नकार आला — मुलगी बरी आहे, पण असल्या केसांची बाई हट्टी निघते — तेव्हा अप्पांनी हातातला कागद चुरगळून टाकला, आत्याची वेणी मनगटाला गुंडाळली आणि तिचं कपाळ दाराच्या चौकटीवर आपटलं. एकदा. दोनदा. ‘‘ह्याच्यामुळं! ह्या केसांमुळं!’’ पीठ लागलेल्या हातांनी अव्वा मध्ये पडली, तेव्हा तिसरा तडाखा तिच्या तोंडावर बसला. आत्या रडली नाही. कपाळावरचं रक्त पदरानं टिपत ती मला म्हणाली, ‘‘जा, पाणी आण की गं.’’

पाण्याची तर त्या उन्हाळ्यात लईच तंगी. दुष्काळाचं वर्ष होतं. नळाला चार-चार दिवस पाणी नसे, अंगणातली तुळससुद्धा वाळून काटकी झाली होती, आणि गल्लीत हंड्यांवरून बायकांच्या मारामाऱ्या होत. अशाच एका दुपारी आमच्या शेजारच्या पद्माक्कानं अव्वाला आत्याच्या केसांवर एक उपाय सांगितला. पद्माक्का तेलुगू विणकरांच्या घरातली. नवरा मागावर, आणि ती दारातच कपड्यांना इस्त्री करून देई. भिंतीपलीकडून मागाचा खटखटाट आणि अलीकडून तिच्या इस्त्रीचा दणका, असा आमच्या गल्लीचा दिवस चाले. हैदराबादेत नणंदेकडे तिनं पोरींचे केस इस्त्रीनं सरळ करताना पाहिले होते.

‘‘होतंय की,’’ ती म्हणाली, ‘‘पण खेळ न्हाय हा. मी सांगंल तसंच करायचं.’’

आणि तिनं सांगितलेले नियम मी कवितेसारखे पाठ केले, कारण ती ते मोठ्यानं, प्रत्येक वेळी नव्यानं म्हणत असे. केस ठणठणीत वाळलेले पाहिजेत. ओल्या केसांत पाणी उकळतं आणि केस आतून फुटतो. तेलाचा थेंब नको. तेल तापलं की कातडीसुद्धा तळून काढतं. इस्त्री आधी जुन्या वर्तमानपत्रावर फिरवायची. कागद पिवळा पडला तर थांबायचं, पुन्हा निववायची. केसांवर पातळ धोतराचं फडकं हवंच. टाळूपासून चार बोटं जागा सोडायची, कानाजवळ तर त्याहून जास्त. हात थांबवायचा नाही. राखेची भोकं डोक्याच्या उलट्या बाजूला. आणि कुणी बोलायचं नाही, कुणी हसायचं नाही. ‘‘पाण्याचा तांब्या जवळ ठेव,’’ ती शेवटी मला बजावी, ‘‘भाजलं तर पयलं थंड पाणी. हळद न्हाय, शाई न्हाय. पाणी.’’ तो तांब्या दोन्ही हातांत धरून मी टेबलाच्या कोपऱ्याशी उभी राहत असे... पण पद्माक्काच्या हातून आत्याला कधी चटका बसला नाही. फडक्याखालून ते केस बाहेर निघत, तेव्हा ते तिचे वाटतच नसत — काळे, चपटे, मुकाट.

त्या सरळ केसांवर बार्शीचं स्थळ जमलं. भुसाराचा व्यापार, मोठं घर, दोन भाऊ. हळदीच्या आंघोळीनंतर पद्माक्कानं पुन्हा तासभर इस्त्री फिरवली, आणि आत्या सासरी गेली. ती गेली त्या दिवशी मागच्या पायरीवर ऊन तसंच पडलं होतं.

सरळ केलेले केस पाण्यापर्यंतच सरळ राहतात, हे त्या घरात कुणाला ठाऊक असणार? पहिल्या न्हाण्यानंतर ते पुन्हा मूळ वळणावर गेले आणि बार्शीच्या माणसांना कळलं. हे सगळं आम्हाला दोन महिन्यांनी कळलं — आत्या एका भर दुपारी एस.टी.नं एकटीच परत आली तेव्हा. हातात पिशवी नाही, पायांत चपला नाहीत. डोक्यावरचा पदर तिनं डाव्या कानावरून इतका पुढे ओढला होता, की तिचा अर्धा चेहराच दिसत होता. अव्वानं काही न विचारता तिला बसवलं, पाणी दिलं, आणि पदर मागे सारला.

कानामागून मानेपर्यंत कातडी नव्हती. होतं ते लाल, ओलं, कडेला काळपट. आणि त्यात चिकटून बसलेले केस. अव्वाच्या घशातून एक आवाज निघाला, तसा आवाज मी माणसाचा कधी ऐकला नव्हता.

आत्या सांगत गेली, सपाट स्वरात, जणू दुसऱ्या कुणाचं. ‘फसवलंस’ म्हणून आतोबा, म्हणजे तिचे यजमान, दर न्हाण्याच्या दिवशी स्वतः इस्त्री तापवत. तिला जमिनीवर पालथी पाडून पाठीवर गुडघा ठेवत. केस ओलेच असत, कधी तेल लावलेले. फडकं नाही, कागद नाही. ‘‘सरळ हो, सरळ हो म्हणत दाबायचे,’’ ती म्हणाली. ‘‘मी म्हणलं, चार बोटं तरी सोडा... तर हसले.’’ पद्माक्कानं शिकवलेला एकेक नियम त्या घरात मोडला गेला होता, आणि नऊ वर्षांच्या मला त्यातला प्रत्येक पाठ असल्यामुळे, कुठं काय झालं असेल ते सगळं डोळ्यांपुढे उभं राहत होतं.

अप्पा कामावरून आले. त्यांनी ती जखम पाहिली, फार वेळ पाहिली. मग खुंटीला टोपी अडकवत म्हणाले, ‘‘चार दिवस राहू दे. मग मी सोडून येतो.’’

‘‘न्हाय,’’ अव्वा म्हणाली.

अप्पांनी मागे वळून तिच्या कानशिलात भडकावली. ती भिंतीशी जाऊन आदळली, उठली, पदर सावरला, आणि पुन्हा म्हणाली, ‘‘न्हाय.’’

तिसऱ्या दिवशी सकाळीच आतोबा आले, बरोबर त्यांचे थोरले भाऊ. मी शाळेत जायच्या तयारीत होते. अव्वा आतल्या खोलीत माझ्या निळ्या स्कर्टवर इस्त्री फिरवत होती. पाहुण्यांनी चहा घेतला. थोरले भाऊ फार गोड बोलले, बायकांच्या तक्रारी काय, घरोघरीच्याच, असं काहीसं. अप्पा मान हलवत होते. ‘‘चल गं,’’ आतोबा आत्याला म्हणाले. ती दाराआड उभी होती. जागची हलली नाही. तेव्हा ते उठले, तिचा अंबाडा मुठीत धरला आणि तिला ओढत उंबऱ्याकडे निघाले. भाजलेली जागा त्यांच्या पंजाखालीच होती. आत्या किंचाळली. तिचे पाय शहाबादी फरशीवरून घसटत होते, हातांनी तिनं माझा झगा धरला, तो टर्रकन फाटला, एक चिंधी तिच्या मुठीत राहिली. आणि अप्पा... अप्पा फरशीकडे पाहत बसून राहिले.

आतल्या खोलीतून अव्वा बाहेर आली, तशीच, हातात इस्त्री घेऊन.

‘‘सोडा तिला,’’ ती म्हणाली. आवाज अगदी हळू होता.

‘‘वैनी, ह्यात तुमी पडू नका.’’

‘‘सोडा म्हणते मी.’’

आतोबा हसले. आत्यानं सांगितलेलं हसू असंच असणार, हे मला तत्क्षणी कळलं. ‘‘काय करणार? भाजणार मला? तुमच्या हातनं मुंगी मरायची न्हाय.’’

अव्वानं दोन पावलं टाकली आणि आत्याचा अंबाडा धरलेल्या त्या हातावर, मनगटाच्या वर, इस्त्री ठेवली. मारली नाही, फेकली नाही — ठेवली. कपड्यावर ठेवावी तशी, आणि दाबली. चर्र असा आवाज झाला. तो वास पुन्हा आला, पण या वेळी होरपळण्याच्या अलीकडचा नव्हता. आतोबांच्या तोंडून गुरासारखा हंबरडा फुटला, मूठ सुटली, आत्या फरशीवर कोसळली. थोरले भाऊ अव्वाच्या अंगावर धावून आले, धक्क्यानं इस्त्रीचं झाकण उघडलं, निखारे उडाले, एक त्यांच्या धोतरात, दोन-तीन अव्वाच्या पायावर. ती हलली नाही. रिकामी इस्त्री तिनं छातीजवळ धरली होती आणि ती म्हणत होती, ‘‘अजून गरम हाय. अजून गरम हाय. या.’’

कुणी आलं नाही. आरडाओरड ऐकून गल्ली दारात गोळा झाली होती आणि गर्दीतून वाट काढत पद्माक्का आत आली. एका नजरेत तिनं सगळं पाहिलं. आमच्या घरात भरलेला एकच तांब्याचा हंडा होता, दोन दिवस पुरवायचा. तिनं तो उचलला, आतोबांना खांद्याला धरून पायरीवर बसवलं आणि त्यांच्या भाजलेल्या हातावर पाण्याची धार धरली. हळूहळू, न थांबता, सगळा हंडा. ते लहान मुलासारखे रडत होते. तिचंही तोंड रागानं थरथरत होतं, पण हात मात्र इस्त्री फिरवताना असे तसाच स्थिर होता.

‘‘गार वाटतंय?’’ तिनं विचारलं.

त्यांनी मान हलवली.

‘‘तिच्यावर असं पाणी कुणी वतलं न्हाय,’’ पद्माक्का म्हणाली, आणि हंडा पालथा घातला.

ते दोघं गेले ते परत आले नाहीत. पुढे समाजातली चार मोठी माणसं बसली, अव्वाला नाही नाही ते बोलली, आणि अखेर सोडचिठ्ठी झाली. अप्पा कित्येक महिने अव्वाशी बोलत नव्हते. ताट पुढ्यात आलं की जेवत, उठत. पण त्या सकाळनंतर आमच्या घरात त्यांचा हात कुणावरही उठला नाही. पश्चात्तापानं, की भीतीनं — मला कधीच कळलं नाही, आणि विचारायचं धाडसही झालं नाही. एकदा मात्र, जखमेवरची पट्टी बदलताना आत्या कण्हली, तेव्हा भिंतीकडे तोंड करून बसलेल्या त्यांचे खांदे हलताना मी पाहिले आहेत.

आत्या सोलापुरातच राहिली. एका बालवाडीत तिनं तीस वर्षं नोकरी केली, पुढे जुळे सोलापुरात दोन खोल्या घेतल्या, शेजारच्या मुलांना पाढे शिकवले, मोठ्यानं हसायला शिकली. कानामागे केस पुन्हा उगवले नाहीत. ती जागा झाकायला ती तेल चापून घट्ट अंबाडा बांधे आणि त्यावर पदर घेई. कार्यक्रमांतले, सहलींतले, इतरांच्या लग्नांतले तिचे जेवढे फोटो आहेत, त्या सगळ्यांत ती अशीच आहे. फक्त सुटीच्या दिवशी, मी गेले असले तर, दार लावून ती न्हायची आणि गच्चीवर उन्हात बसायची... पांढरे होत गेले तरी ते तसेच फुलत.

गेल्या वर्षी ती गेली. अव्वा, अप्पा, पद्माक्का आधीच गेले होते. तेराव्याला तिचा फोटो हार घालून ठेवायचा म्हणून भाचेसुना पेटी उपसत होत्या. केस दिसणारा तिचा एकच फोटो सापडला, लग्नातला. तिच्या शेजारी उभा असलेला माणूस कुणीतरी कात्रीनं कापून टाकलेला. त्यात खांद्यावरून पुढे घेतलेली लांब वेणी आहे, गुळगुळीत, सरळ.

‘‘किती छान केस होते हो आत्यांचे,’’ एक सून म्हणाली.

मी होय म्हणाले. काय सांगणार होते? तिचे केस खरे कसे होते, हे पाहिलेलं आता माझ्याशिवाय कुणीही उरलेलं नाही.